तीन दिवस अडलेली मायग्रेशन

पहिल्या भेटीत मी त्याला पाण्याच्या कूलरकडे पिटाळलं. पाठीवर बॅग, हातात ओली छत्री, चेहरा गोंधळलेला... मला वाटलं, कूलरवालाच!

"तो बघा, कोपऱ्यात. सकाळपासून गळतोय."

त्यानं निमूटपणे बॅग ठेवली, वाकून नळी घट्ट बसवली आणि हात पुसत म्हणाला, "झालं. आता डेटाबेस कुठे अडलाय तो दाखवता?"

मेले मी! बाहेरून बोलावलेला डेटाबेसवाला तो हाच.

आमच्या चार टेबलांच्या ऑफिसात एका वाचनालयाचं सॉफ्टवेअर बनत होतं. डेटाबेसमध्ये नवा रकाना घालायचा असला की तो बदल आम्ही एका फाइलीत लिहितो. हीच मायग्रेशन. कमांड दिली की बदल होतो आणि 'झाला' अशी नोंद पडते. आमची कमांड म्हणत होती, सगळं झालंय. आणि स्क्रीन बोंबलत होती, पुस्तक परत करायच्या तारखेचा रकानाच नाही!

तो शेजारी खुर्ची ओढून बसला. कीबोर्ड घेण्याआधी दर वेळी "घेऊ?" असं विचारायचा. इतकं हळू, की मला उगाच केस कानामागे सारावेसे वाटायचे.

"तुमची कमांड रुसलीय माझ्यावर."

"मग काढा की समजूत."

"मला कुठे जमतं... घरी धाकटी बहीणसुद्धा ऐकत नाही माझं."

"शिकून घ्या. उपयोगी पडेल."

हे मी बोलले? मी?

बुधवारी तो कॉफी आणायला गेला आणि मला एकदम आठवलं. मागच्या आठवड्यात एक एरर पिच्छा सोडत नव्हती, म्हणून मी कमांडला सांगितलं होतं, बदल करू नकोस, नुसती झाल्याची नोंद कर. नंतर खरा बदल करायचा राहूनच गेला. सांगायला तोंड उघडलं – तेवढ्यात तो दोन कप घेऊन आला.

"तुमची बिनसाखरेची. काल अर्धी टाकून दिलीत, तेव्हा कळलं."

मी तोंड मिटलं. रकाना सापडला की हा जाणार. उद्या एक दिवस येऊ दे, मग सांगते...

गुरुवारी त्यानं सरळच विचारलं, "कुणी नुसतीच नोंद तर केली नाही ना?"

"छे!" मी म्हटलं. किती सहज खोटं बोलले! त्यानं लगेच विश्वास ठेवला आणि दिवसभर भलतीकडेच शोधत बसला.

शुक्रवारी दुपारी तो खिडकीशी उभा राहून फोनवर बोलत होता. खांदे पडलेले. "साहेब, माझ्याच्यानं नाही होत. दुसऱ्या कुणाला तरी पाठवा."

मला राहवलं नाही. "थांबा! ती नोंद मी केली होती. बुधवारपासून माहितीय मला."

त्यानं माझ्याकडे पाहिलं. "करतो फोन, साहेब," म्हणाला आणि येऊन बसला. या वेळी "घेऊ?" नाही. आधी बॅकअप घेतला, खोटी नोंद काढली, कमांड दिली. अकरा मिनिटांत रकाना हजर.

"तीन दिवस मी स्वतःला गाढव समजत होतो," तो म्हणाला.

"रागावलात?"

"हो."

माझे डोळे भरून आले. आता कशाला लपवायचं? "काम झालं असतं तर तुम्ही आला नसतात... म्हणून."

त्यानं बॅगेतून कामाचा छापील फॉर्म काढून भरला आणि माझ्यापुढे सरकवला. 'काम पूर्ण' वर खूण. सही करायला पेन टेकवलं आणि खाली नजर गेली. 'पुन्हा भेट आवश्यक', तिथेही खूण होती! पुढे 'कारण' ची ओळ कोरी.

"ते तुम्ही भरा," तो दुसरीकडे बघत म्हणाला. कान लालबुंद. "आणि या वेळी खरं लिहा."

मी ठळक अक्षरांत लिहिलं, 'तुम्ही मला आवडता.' खाली सही ठोकली, वर ऑफिसचा शिक्काही मारला.

त्यानं वाचलं आणि ताडकन उठला. "अहो, याची प्रत आमच्या साहेबांकडे जाते!"

"मग जाऊ दे की."

तो हसला आणि कागद तसाच, घडी न घालता, बॅगेत ठेवला.