तिसरा पुकारा

शनिवारी दुपारी सव्वातीन वाजता वेल्डरबीच्या बाजारचौकात डेलिया थॉर्पने एका अनोळखी माणसाला फाशी दिली. साक्षीला दहा-बारा पर्यटक होते आणि एक भिजलेला कुत्रा. पाऊस भुरभुरत होता. दोर म्हणजे तिच्या आईच्या जुन्या गाउनचा पट्टा. माणूस उंच, तांबूस केसांचा. फास अडकवायला डेलियाला टाचा उंचवाव्या लागल्या, तेव्हा त्याने गुणी घोड्यासारखी आपणहून मान खाली केली.

"शेवटची काही इच्छा?" तिने करड्या आवाजात विचारलं.

"आहे... पण एवढ्या लोकांसमोर कशी सांगू?"

पर्यटक हसले. डेलियाही हसली असती, पण धंद्याच्या वेळी हसायचं नाही हा तिचा नियम होता.

"मग न सांगताच मरा," ती म्हणाली आणि पट्टा ओढला.

तो मेला. जरा जास्तच वेळ मेला — जीभ बाहेर, मान कलती, एक डोळा मिटलेला. दुसरा उघडा होता आणि तिच्याकडेच बघत होता.

आठवडाभर डेलिया दंतवैद्याच्या दवाखान्यात दाराशी बसून लोकांना धीर द्यायची. शनिवारी पर्यटकांना गाव फिरवून घाबरवायची. वेल्डरबीत घाबरवण्यासारख्या जागांना तोटा नव्हता. प्लेगच्या साली माणसांसकट बंद केलेलं घर होतं. चेटकिणी म्हणून दोन बहिणींना बुडवलेलं गिरणीचं तळं होतं. गावाच्या सामाईक कुरणांना कुंपणं पडली तेव्हा चिडलेल्या लोकांनी जमीनदाराच्या कारभाऱ्याला ज्या आकड्याला टांगलं, तो आकडाही खाटीकगल्लीत शाबूत होता. गावाला या सगळ्याचा अभिमान वाटे. शेजारच्या गावात काय, तर एक विषप्रयोग, तोही फसलेला.

फेरी फाशीच्या टेकडीच्या पायथ्याशी संपायची. तिथे सायलस पेनची गोष्ट. हा मेंढ्या चोरणारा. गावाचा रिवाज असा की दोर आवळण्याआधी तीन पुकारे करायचे: याला कोणी मागणी घालतंय का? एखाद्या बिनलग्नाच्या मुलीने घातली आणि त्याने हो म्हटलं, तर दोघांचं लग्न आणि त्याची सुटका. तिसऱ्या पुकाऱ्याला ज्युडिथ ऑर्म नावाची लेस विणणारी मुलगी पुढे आली. सायलसने फासाखाली उभ्या केलेल्या गाडीवरून तिला नीट न्याहाळलं आणि गाडीवानाला म्हणाला, "जाऊ दे गाडी!"

गाडी पुढे गेली. सायलस मागे लटकत राहिला.

इथे पर्यटक हसत. आजही हसले. तांबूस केसांचा तेवढा हसला नाही.

"आणि तिचं काय झालं?"

"कोणाचं?"

"ज्युडिथचं."

चोराचं सगळे विचारत. त्याला कुठे पुरला, त्याचं भूत दिसतं का. ज्युडिथबद्दल आजवर कुणी विचारलं नव्हतं.

"ती... इथेच राहिली. म्हातारी होऊन मेली."

"इथेच? रोज याच लोकांत?"

"जाणार कुठे होती?" डेलिया म्हणाली. हा आवाज धंद्याचा नव्हता, हे तिच्याही लक्षात आलं.

फेरीत फाशी गेलेल्याला पिमबाईंच्या पबमध्ये अर्धा ग्लास बिअर फुकट मिळे. बाईंनी त्याला पायापासून केसांपर्यंत पाहून घेतलं.

"काय गं बदके, आज चांगला देखणा मारलास!" वेल्डरबीत प्रेमाने सगळ्यांनाच बदक म्हणतात. "कुठला रे तू?"

"एडविन स्केल्स. गुरांचा डॉक्टर. इथल्या डॉक्टर लॅम्बर्टबाईंचा पाय गायीने मोडलाय ना, तो जुळेपर्यंत मी."

"म्हणजे हंगामी," डेलिया म्हणाली.

"सगळेच हंगामी असतात. तुमच्या फेरीत तर फारच."

आता मात्र ती हसली. तेवढ्यात कोपऱ्यातून होरेस बेकरने ग्लास उंचावला. "जपून हं, डेलिया! नाहीतर... जाऊ दे गाडी!"

दोघंतिघं खिदळले. डेलियाचं हसू जागच्या जागी विझलं. एडविनने एकदा होरेसकडे पाहिलं, एकदा तिच्याकडे, आणि काही विचारलं नाही. न विचारल्यामुळेच तिने सांगितलं.

"ऑक्टोबरच्या जत्रेत ती फाशी अजून होते. खोटी खोटी. वर्षात गावात जो नवा पुरुष आला असेल त्याला गाडीवर चढवतात. पुकारे मात्र खरे असतात. म्हणजे... कायदा नाही, पण थट्टेत कुणी मागणी घालत नाही. पिमकाकांना या पिमबाईंनी तिथेच मागितलं."

"आणि तुम्ही?"

"मी एकोणीस वर्षांची होते. नील हॅकेट नावाचा मुलगा त्या वर्षी गावात नवा आला होता. आठ-दहा महिने आम्ही बरोबर होतो." तिने ग्लासाखालची चकती सरळ केली. "मी मागणी घातली तेव्हा सगळा गाव टेकडीवर होता. तो इतका हसला की त्याला धड बोलता येईना. पण बोलला."

"जाऊ दे गाडी."

"तेच."

एडविनने उरलेली बिअर तिच्याकडे सरकवली. "मेलेल्या माणसाला एवढी लागत नाही," तो म्हणाला.

पुढच्या शनिवारी तो पुन्हा आला. त्याच्या पुढच्याही. रांगेत इतर हौशी असले तरी हा सगळ्यांच्या पुढे मान वाकवून उभा.

"तुला दुसरं काही काम नाही का?" तिने एकदा पट्टा अडकवताना कुजबुजत विचारलं. अहो-जाहो केव्हाच संपलं होतं.

"सकाळी एका डुकरिणीचं बाळंतपण केलं. अकरा पिल्लं. आता मरायला मोकळा आहे."

"हाताला वास येतोय."

"मग हात धरू नकोस."

"धरलाय कुणी!"

त्याने खाली पाहिलं. तिनेही पाहिलं, आणि हात सोडला — जरा सावकाश.

संध्याकाळी ते नदीकाठाने फिरत. तो वासरांना कानामागे कसं खाजवायचं ते सांगे, ती कुठल्या पुलावरून कुणाला ढकललं ते. त्याच्या कोटाच्या खिशात नेहमी साखरेचे खडे असत, घोड्यांसाठी. त्यातले निम्मे तिच्या पोटात जात. त्याच्याबरोबर चालताना होरेसचं दुकान टाळायला तिला आडगल्ली शोधावी लागत नाही, हे तिच्या फार उशिरा लक्षात आलं.

जत्रेच्या आदल्या गुरुवारी, बंधाऱ्याजवळ तो थांबला.

"कार्लाइल शहरातून पत्र आलंय. मोठा दवाखाना आहे. कायमची नोकरी. सोमवारी सकाळपर्यंत कळवायचंय."

पाणी बंधाऱ्यावरून धो धो पडत होतं. बरं झालं, डेलियाला वाटलं, गप्प राहायला निमित्त मिळालं.

"अरे वा," ती शेवटी म्हणाली. "अभिनंदन."

"एवढंच?"

"आणखी काय? बँड लावू?"

 मग खिशातून साखरेचा खडा काढून त्याने तिच्या तळहातावर ठेवला, तिची बोटं मिटली आणि म्हणाला, "रविवारी मला टांगणारेत म्हणे. येशील ना?"

"यावंच लागेल. पुकारे मीच करते."

ते खरं होतं. चार वर्षांपूर्वी तिने पिमकाकांकडून ते काम मागून घेतलं होतं. सगळ्यांना वाटलं, पोरीने धीराने घेतलं. खरं कारण तिचं तिलाच ठाऊक होतं: घंटा हातात असलेल्या बाईकडून कुणी मागणीची अपेक्षा करत नाही. आणि न विचारलेल्या प्रश्नाला नकार येत नाही.

रविवारी ऊन-पावसाचा खेळ चालला होता. टेकडीवर भाजलेल्या सॉसेजचा आणि ओल्या लोकरीचा वास दरवळत होता. एडविन गाडीवर उभा, गळ्यात खराखुरा जाड दोर, त्याचं दुसरं टोक नुसतंच खांद्यावरून सोडलेलं. गाडीच्या घोडीने मान वळवून त्याचे खिसे हुंगायला सुरुवात केली, तेव्हा गर्दीत हशा पिकला.

डेलियाने घंटा वाजवली.

"वेल्डरबीच्या लोकांनो! हा एडविन स्केल्स. याने चोरी केली आहे. याला कोणी मागणी घालतंय का?"

"काय चोरलं त्याने?" पिमबाई ओरडल्या.

"चोरीचा तपशील जाहीर करायचा नसतो!"

"मग तुझे कान का गं लाल झाले, बदके?"

पुन्हा हशा. डेलियाने घंटा जोरात हलवली. "दुसरा पुकारा! कोणी मागणी घालतंय का?"

कुणी पुढे आलं नाही. एडविन तिच्याकडे बघत होता. चौकातल्यासारखा एक डोळा मिटून नाही. दोन्ही डोळे उघडे ठेवून. त्याच्या चेहऱ्यावर नेहमीचं मिश्कील काही नव्हतं.

तिला एकोणीस वर्षांची ती आठवली. त्या दिवशीही असाच वास होता. लोकांचे तेच चेहरे, फक्त जरा म्हातारे झालेले. पुन्हा तेच झालं तर? इथेच राहायचं, रोज याच लोकांत. दात दुखणारा प्रत्येक जण तिच्यासमोरूनच आत जाणार.

आणि नाही विचारलं तर सोमवार होताच.

"तिसरा पुकारा," ती म्हणाली.  "तिसरा..."

तिने घंटा पिमकाकांच्या हातात दिली.

"हे काय?" काका म्हणाले.

"तुम्ही करा."

 काकांनी टोपी काढली, घंटा वाजवली आणि टेकडी दणाणेल अशा आवाजात ओरडले, "तिसरा पुकारा! याला कोणी मागणी घालतंय का?"

"मी," डेलिया म्हणाली. "मी घालते."

सॉसेजवाल्याचा चिमटा हवेतच थांबला. घोडीला मात्र याच्याशी देणंघेणं नव्हतं. तिला साखर सापडली होती.

 एडविन म्हणाला, "नाही... असं नाही."

गर्दीतून 'अरेरे' असा सुस्कारा गेला. होरेसने श्वास भरून घेतला, पण पिमबाईंनी त्याच्या पायावर टाच ठेवली आणि तो श्वास तिथेच राहिला. डेलिया हलली नाही. पळायचं नाही, एवढंच तिने ठरवलं होतं.

"असं नाही," एडविन घाईघाईने म्हणाला. "डेलिया, गळ्यात फास असताना माणूस कुणालाही हो म्हणेल. अशा होकाराला काय किंमत? आधी हा काढ. मग विचार."

ती गाडीवर चढली. दोर ओला होता, गाठ घट्ट बसली होती.  त्याने मान वाकवली, तरी गाठ सुटायला वेळ लागला. त्याच्या कपाळावरचं पाणी तिच्या मनगटावर पडलं.

"सगळा गाव बघतोय," ती पुटपुटली.

"मला एकटीच दिसतेयस. दोष डोळ्यांत असेल."

"मस्करी नको. या जागेवर तरी नको."

"बरं," तो म्हणाला. "नाही करत."

गाठ सुटली. त्याने दोर घडी करून गाडीवानाच्या शेजारी ठेवला, खाली उडी मारली आणि तिला हात दिला. लोकांनी वाट करून दिली. दोघं टेकडीच्या पलीकडच्या अंगाला, झुडपांच्या आडोशाला गेले. मागून पिमबाईंचा आवाज येत होता: "वळून बघेल त्याला आज बिअर नाही!"

"आता विचारू?" डेलिया म्हणाली.

"थांब. आधी एक फोन." त्याने खिशातून फोन काढला, शर्टाला पुसला.

"कुणाला?"

"कार्लाइलला. मोठ्या डॉक्टरीणबाई आहेत. त्यांना रविवारी फोन केलेला खपत नाही म्हणतात."

"मग उद्या कर."

"उद्यापर्यंत तुझा धीर संपला तर? ...आणि माझा?"

"काय सांगणार आहेस त्यांना?"

"की मी इथेच राहतोय." त्याने फोन दोघांच्या कानांमध्ये धरला, इतका की ऐकण्यासाठी तिला त्याच्या खांद्याला टेकून उभं राहावं लागलं. ओल्या कोटाला साखरेचा आणि घोड्याचा वास होता. त्याचा मोकळा हात तिच्या हाताशी आला. या वेळी कुणीच सोडला नाही.

चारच्या सुमारास टेकडीवरची गर्दी पांगू लागली, तेव्हा कार्लाइलला फोन वाजत होता. अजून कुणी उचलला नव्हता.