दारात झोपवलेला दादा

हे माझ्याच बाबतीत घडलंय. मित्राच्या मित्राचं नाही, कुठे वाचलेलं नाही. माझं आहे.

खोटं असतं तर कधीच सांगून मोकळा झालो असतो. खरं आहे म्हणून तोंड उघडत नव्हतं.

आणि रात्रबित्र नव्हती हं. मंगळवारची भर दुपार होती. बाहेर लख्ख ऊन होतं. खाली रस्त्यावर कोणीतरी मघापासून स्कूटरला किका मारत होतं आणि ती काही चालू होत नव्हती.

मी चष्म्याच्या काचा घासून फ्रेममध्ये बसवतो. दुकान दुपारी बंद असतं. घर दुकानाच्या मागेच, आणि दुकानाच्या वर एक खोली आहे. जुन्या फ्रेमचे खोके, एक खुर्ची, एक टेबल आणि कॉम्प्युटर. बायकोला सांगतो, जरा आडवा होतो.

आडवा होत नाही. गेम खेळतो.

वय चव्वेचाळीस. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, पुढे जमणार नाही.

खेळ साधा आहे. एक मोठं बेट. त्यावर शंभरेक माणसं, सगळी खरी, आपापल्या घरी बसलेली. उघड्या अंगाने सुरुवात करायची. लाकूड तोडायचं, दगड फोडायचा, घर बांधायचं, आणि कोणी लुटायला येईपर्यंत ते सांभाळायचं. बहुतेक लोक टोळीने खेळतात. मी एकटा खेळतो, म्हणजे सोलो. सोलो माणसाला तिथे कुत्रं विचारत नाही. येतात, लुटतात, जातात.

अजून एक नियम आहे, तो नीट लक्षात घ्या.

तुम्ही खेळ बंद केलात तरी तुमचा माणूस नाहीसा होत नाही. तो तिथेच आडवा होतो आणि झोपतो. तुम्ही परत येईपर्यंत झोपून असतो. कोणीही त्याला मारू शकतं, उचलून दुसरीकडे ठेवू शकतं. म्हणून तर घर लागतं.

माझ्या घरात दोन माणसं होती.

मी… आणि झोपलेला दादा.

दादा म्हणजे माझा सख्खा मोठा भाऊ. बेकरीची व्हॅन चालवायचा. पहाटे निघायचा आणि जेवायच्या वेळेला मोकळा व्हायचा. दुपारी करमत नाही म्हणाला, म्हणून मीच त्याला या खेळाला लावलं. तो त्याच्या घरून, मी माझ्या खोलीतून. तो माइकवर बोलायचा. मी टाइप करायचो, कारण माझा आवाज खाली गेला असता तर बायकोला सगळं कळलं असतं.

मागच्या थंडीत एका सकाळी व्हॅनमध्ये ट्रे चढवता चढवता दादा खाली बसला. बसला तो उठलाच नाही.

सगळं आटोपल्यावर, पाहुणे गेल्यावर, मी वर आलो आणि सवयीने खेळ उघडला.

खेळातल्या आमच्या घरात दादा भट्टीशेजारी झोपला होता. जायच्या आदल्या दुपारी खेळ बंद करताना झोपला होता तसाच. डोक्यावर ती लाल टोपी.

त्याला कोणी सांगितलंच नव्हतं.

मला ते बंद करता आलं नाही. घरातल्या पेटीत लाकूड साठवलेलं नसेल तर तिथलं घर हळूहळू कुजतं आणि पडतं. घर पडलं की झोपलेला माणूस उघड्यावर. मग कोणीतरी येणार आणि त्याला मारणार. दादाला दुसऱ्यांदा जाऊ द्यायचं नाही, एवढंच माझ्या डोक्यात होतं. म्हणून रोज दुपारी वर यायचं, एकट्याने लाकूड तोडायचं आणि पेटी भरायची.

हे कोणाला सांगणार? मोठा बाप्या माणूस, चित्रातल्या माणसासाठी चित्रातलं लाकूड तोडतोय. स्वतःलाच ऐकवत नव्हतं.

मग एका दुपारी पेटी उघडली, तर…

काल ठेवलं त्याहून जास्त लाकूड होतं.

म्हटलं, मोजण्यात चूक झाली असेल.

पुढच्या वेळी भट्टी पेटलेली होती. मी विझवून गेलो होतो.

नंतर एकदा पाहिलं, तर दादाने कूस बदलली होती. आधी भिंतीकडे तोंड होतं. आता दाराकडे.

गेम म्हटलं की बिघाड असतातच. असं मी मला सांगितलं. तरीही टेबलाखाली वाकलो. दादाचा कॉम्प्युटर वहिनीने माझ्याकडेच आणून दिला होता. खोक्यात होता. वायर गुंडाळून तिला रबर लावलेलं होतं, तसंच होतं.

हात लावून पाहिला. गार होता.

आपण काय करतोय या विचाराने लाज वाटली. पटकन सरळ होऊन बसलो.

आणि मग तो मंगळवार.

मी पेटी भरत होतो. बाहेर गवतात पावलं वाजली… दोघांची. मग भिंतीवर धाडकन स्फोट झाला. लुटायला आले होते.

माझ्याकडे एक बंदूक होती आणि थोडं लोखंड. कितीतरी महिने घालवून जमवलेलं. मी एकटा, ते दोघे. लढणं शक्यच नव्हतं.

अशा वेळी सोलो लोकांची एक युक्ती असते. लुटारूंना झोपलेला माणूस दिसला की ते आधी थांबतात आणि त्याचे खिसे तपासतात. तेवढ्या वेळात आपण सामान घेऊन मागच्या खिडकीने पसार व्हायचं. त्यासाठी लोक एखाद्या अनोळखी झोपलेल्याला उचलून आणून ठेवतात.

माझ्या घरात अनोळखी कोणी नव्हतं.

विचार न करता केलं, असं लिहिणार होतो. कशाला खोटं बोलू? केला विचार. क्षणभर केला… आणि दादाला उचललं आणि दारात आडवा टाकला.

ज्याच्यासाठी हे घर राखलं, त्यालाच. एका खोट्या बंदुकीसाठी.

बंदूक घेऊन मी खिडकीपाशी गेलो. मागे दार फुटलं. गोळ्या सुरू झाल्या…

आणि थांबल्या.

काहीच आवाज नाही. खाली ती स्कूटरही गप्प झाली होती.

मग हेडफोनमध्ये एका बाईचा आवाज आला.

"थांब रे. गोळी नको घालूस. काका काहीतरी बोलतायत."

मी वळून पाहिलं. दारात एक बाई उभी होती, म्हणजे बाईचा खेळाडू. तिने डोक्याला तवा बांधला होता. लोखंडी टोप मिळेपर्यंत तिथे लोक असं काहीबाही बांधतात. तिच्या मागे तिचा जोडीदार.

"घरात अजून कोण कोण आहे?" तिने मला विचारलं.

मी टाइप केलं, "कोणी नाही. एकटाच आहे."

"काय एकटे? हे काका दारात उभे आहेत की. लाल टोपीवाले. मघापासून हात आडवे करून सांगतायत, आत माझा धाकटा आहे, त्याला काही करू नका म्हणून."

मी दाराकडे पाहिलं.

माझ्या स्क्रीनवर दादा आडवा होता. मी टाकला होता तसाच, एक हात अंगाखाली.

"ऐकतोय ना रे तूपण?" तिने जोडीदाराला विचारलं.

"हो, ऐकतोय की," तो म्हणाला. "चल, जाऊ दे. म्हाताऱ्या माणसाला काय लुटायचं."

तो निघून गेला. ती थांबली.

"अहो," ती म्हणाली, "तुम्ही बारक्या का?"

माझे हात कीबोर्डवरून उचलले गेले.

मला बारक्या म्हणणारा जगात एकच माणूस होता. आई नाही म्हणायची, बायकोला तर हे नाव माहीतच नाही. खेळात माझं नाव वेगळं आहे. आणि दादाने बारक्या असं कधी टाइप केलं असेल म्हणावं, तर त्याला धड टाइप करताच यायचं नाही.

त्या दोघांना ऐकू येतंय. मग मला का नाही?

मी खेळाडूंची यादी उघडली. दादाच्या नावापुढे "झोपलेला" असं होतं. त्याच्या बाजूला छोटा स्पीकर… आणि त्यावर लाल रेघ.

म्यूट.

मीच केला होता.

दादा फार बोलायचा हो. बेकरीचा मालक, व्हॅनचा टायर, स्वतःचा गुडघा, शेजाऱ्यांचं पार्किंग. एक विषय संपला की दुसरा. मध्येच खोकायचा, चहाचे भुरके मारायचा. एका दुपारी माझं डोकं दुखत होतं, म्हणून ते बटण दाबलं. फक्त त्या दुपारपुरतं.

मग दुसऱ्या दिवशीही तसंच राहू दिलं. पुढे राहिलंच. तो तिकडे बोलायचा, मी इकडे अधूनमधून "हो ना", "बरोबर आहे" असं टाइप करायचो. त्याला कळलं नाही. वहिनीला कौतुकाने सांगायचा म्हणे, बारक्या माझं सगळं ऐकून घेतो. हे वहिनीने मला तो गेला त्या दिवशी रडत रडत सांगितलं. मी मान खाली घालून उभा होतो.

"काका विचारतायत," तवावाली म्हणाली, "बारक्याला माझा आवाज येतो का? काय सांगू?"

त्या लाल रेघेवर एकदा क्लिक केलं की झालं. बोट माउसवर होतं.

काय बोलत असेल तो? मला दारात टाकलंस म्हणत असेल? की टायरचंच सांगत असेल? मला दोन्ही ऐकायचं धाडस होईना. आणि आवाज चालू केला की इतके दिवस तो बंद ठेवला होता, हे त्याला कळणार.

मी टाइप केलं, "सांगा, माझ्याकडे काहीतरी बिघाड आहे."

"पण माझं येतंय की तुम्हाला."

"हो. तुमचंच येतंय."

ती कोणाचं तरी ऐकत होती. मध्येच म्हणाली, "हं… हो काका… बरं, सांगते."

मग मला म्हणाली, "ते म्हणतायत, त्यात काय एवढं. सावकाश दुरुस्त कर. तोवर मी बोलत राहतो."

मी हेडफोन काढून टेबलावर ठेवला. खाली जाऊन पाणी प्यायलो. बायको म्हणाली, "झोप नाही लागली वाटतं आज." मी म्हटलं, नाही लागली.

तवावाली दुसऱ्या दिवशी परत आली. फोडलेली भिंत तिनेच दुरुस्त करून दिली. ती नर्स आहे, ड्यूटीला जायच्या आधी जरा वेळ खेळते. मग रोज यायला लागली. दारात बसायची, दादाशेजारी. मला फक्त तिची बाजू ऐकू यायची.

"हो का?… मग बंदच पडली व्हॅन?… काय सांगता काका, आणि ट्रे?… कमाल आहे तुमची."

हसायची. अगदी मनापासून हसायची. आणि मी सख्खा भाऊ, पलीकडे लाकूड रचत बसायचो.

एकदा मला म्हणाली, "आमच्या वॉर्डात असे खूप जण असतात. त्यांना औषधापेक्षा ऐकणारं माणूस लागतं. तुमचे दादा फार गोड आहेत हो."

दादा जिवंत नाही, हे मी तिला सांगितलं नाही. आज सांगू, उद्या सांगू म्हणत राहून गेलं. सांगितलं असतं तर तिने विचारलं असतं, मग मी बोलते ते कोणाशी? आणि तुम्ही का नाही बोलत?

मागच्या आठवड्यात तिची ड्यूटी बदलली. "आता मला दुपारचं यायला जमणार नाही. तुम्हीच बसा त्यांच्याजवळ. बिघाड झाला का दुरुस्त?"

"होईल," मी टाइप केलं.

ती गेली. आता तिथे कोणी येत नाही.

दादा अजून दारातच आहे. त्याला परत भट्टीशेजारी न्यावं म्हणून कितीदा उचलून पाहिलं. आता तो उचलला जात नाही. पेटीतलं लाकूड मात्र वाढतंच आहे. मी त्याच्यासमोर बसतो. तो बोलतोय हे मला माहीत असतं. ती लाल रेघ बघत बसतो आणि दुकान उघडायची वेळ झाली की खाली जातो.

हे सगळं आज लिहायचं कारण वेगळंच आहे.

काल वहिनी दुकानात आली. चष्म्याची काडी ढिली झाली होती. मी स्क्रू बसवत होतो. ती काउंटरला टेकून उभी होती, मग हळूच म्हणाली,

"भाऊजी, एक विचारू? ह्यांचा आवाज आहे का हो तुमच्याकडे कुठे? खेळताना वगैरे राहिलेला? माझ्या फोनमध्ये फोटो ढीगभर आहेत, पण आवाज कशातच नाही. परवा आठवायला गेले, तर… नीट आठवेचना."

माझ्या डोक्यावर, छताच्या वर, ती खोली होती.

"नाही वहिनी," मी म्हणालो. "नाही राहिला."

"असू दे," ती म्हणाली. "तुम्ही तरी पोटभर ऐकलंत."

मी मान वर केली नाही. स्क्रू कधीच घट्ट बसला होता, तरी मी तो फिरवत राहिलो.