खलनायकाचा स्वतःचा शर्ट

“रक्त डाव्या कॉलरवर हवं होतं. तुमचं उजवीकडे कसं आलं?”

स्टुडिओच्या जिन्यावर तिनं त्याला असं अडवलं. एका दृश्यात जे जिथं असेल ते पुढच्या दृश्यातही तिथंच आहे ना, हे वहीत टिपून ठेवणं तिचं काम. आणि तो पडद्यावरचा पट्टीचा खलनायक.

“अहो, हा सॉस आहे,” तो म्हणाला. “शर्ट माझा स्वतःचा. मी जेवून घरी निघालोय.”

ती लाजून चूर झाली. तो मात्र मनापासून हसला... आणि तिच्या काळजाचा ठोकाच चुकला.

मग तो येता-जाता तिच्या वहीत डोकावू लागला.

“माझ्याबद्दल काय लिहिलंयत?”

“बटण तुटलंय, एवढंच.”

“आत काय काय तुटलंय, ते नाही टिपत?”

असं बोलणं त्याला शोभायचं, आणि हीच तर पंचाईत होती! अकरा चित्रपटांत अकरा भोळ्या मुलींना त्यानं याच गोडीनं गंडवलं होतं. तिची आत्या तर त्याचं नाव ऐकूनच उडाली.

“तो? अगं, परवाच त्यानं बायकोला गच्चीवरून ढकललं!”

“सिनेमात गं, आत्या!”

“सिनेमात का होईना, ढकललं ना?”

एका दुपारी रिकाम्या सेटवर त्यानं मनगटावरचं घड्याळ फिरवलं, मान खाली घातली आणि म्हणाला, “माझं... तुमच्यावर प्रेम आहे.”

तिच्या अंगावर काटा आला. हे घड्याळ, ही खाली गेलेली मान तिनं स्वतःच्या हातानं टिपली होती.

“ढकलायच्या आधी तुम्ही अस्संच केलं होतंत!”

“ती सवय माझीच आहे हो. घाबरलो की मी घड्याळ फिरवतो. दिग्दर्शकाला आवडली, त्यानं ती खलनायकाला देऊन टाकली. आता मी दुसरी सवय कुठून आणू?”

खरं की संवाद? तिला काही केल्या कळेना. विश्वास ठेवावा तर फसायची भीती, न ठेवावा तर हा माणूस हातचा जाणार. आणि तो जायला तिला मुळीच नको होता.

“मला नाही कळत खरं काय ते,” ती रडकुंडीला येऊन म्हणाली. “पण मला तुम्ही आवडता. फार आवडता!”

तो मटकन सेटवरच्या पायरीवर बसला आणि नुसतं घड्याळ फिरवत राहिला.

“बोला ना काहीतरी!”

“सिनेमात मुली म्हणतात असं... पण माझ्यावर विश्वास ठेवून,” तो पुटपुटला. “विश्वास नसताना कुणी म्हटलं तर काय बोलायचं, ते मला खरंच माहीत नाही.”

“मग नको बोलूस,” ती म्हणाली, आणि भीत भीतच त्याच्या शेजारी बसली.