हळदीकुंकवाचं सेंट

स्नेहलताची अत्तराची कुपी बोटीवरच फुटली होती. ट्रंकेतल्या साड्यांना हिन्याचा वास लागला आणि कुपीच्या जागी काचा उरल्या. एरवी तिने ते फारसं मनावर घेतलं नसतं. पण लग्नानंतरची पहिली संक्रांत तोंडावर आली होती, आणि हळदीकुंकू म्हटलं की हळद आली, कुंकू आलं, मनगटावर अत्तराचं बोटही आलंच. १९५९ साली जर्मनीतल्या लुडविग्सहाफेनमध्ये अत्तर कुठून मिळणार? त्या गावाला वास होता तो एकच, रसायनांच्या कारखान्याचा. तो खिडकीच्या फटीतून यायचा आणि वाळत घातलेल्या कपड्यांत मुरून बसायचा.

श्रीपाद त्याच कारखान्यात संशोधनासाठी आला होता. दिवसभर त्याचं काम वायूंच्या नळ्यांपाशी. संध्याकाळी भोंगा झाला की स्नेहलता खिडकीत येऊन उभी राहायची, आणि कोपऱ्यावर त्याची हॅट दिसली की तिचा जीव भांड्यात पडायचा. एवढ्या परक्या मुलखात आपलं म्हणावं असं तेवढंच एक माणूस होतं. म्हणूनच, सवाष्णी मिळोत न मिळोत, हळदीकुंकू करायचंच असा हट्ट ती धरून बसली.

"अत्तर नाही तर माझं कलोन लाव," श्रीपाद म्हणाला.

"अहो, दाढी झाल्यावर गालाला चोपडता ते? सवाष्णींना?"

तो खो खो हसला आणि तिच्या हातावर पैसे ठेवून कामाला गेला. ती ट्रॅमने पूल ओलांडून मानहाइमला गेली.

तिथल्या सेंटच्या दुकानातली बाई म्हातारी, पण मोठी शिस्तीची. तिने आधी व्हायलेटचं सेंट दाखवलं. ते नाकाशी येईपर्यंतच विरलं. गुलाबाचं दाखवलं, तर त्याला थेट साबणाचा वास. मग स्नेहलताने खुणांनी आणि मोडक्यातोडक्या जर्मनने सांगितलं, पांढरी फुलं, गोड, आणि खूप वेळ टिकणारं. बाई जरा थबकली. खालच्या खणातून एक निळसर बाटली काढून तिने तिच्या मनगटावर एक थेंब टेकवला. स्नेहलताने सवयीने मनगटावर मनगट घासलं, तशी बाईने तिचा हात धरला.

"घासायचं नाही. थांबायचं. पहिला वास खोटा असतो."

म्हणून ती थांबली. आणि हळूहळू त्या थंडगार दुकानात निशिगंध फुलला. त्याच्यामागे मोगऱ्यासारखं काहीतरी दाट, गोड... इतकं गोड की घशाशी येत होतं. तिला एकदम माहेरची आठवण झाली आणि डोळे भरून आले.

"हे आता कोणी नेत नाही," बाई बाटली बांधताना म्हणाली. "एकच गिऱ्हाईक होतं. हल्ली येत नाही."

संक्रांतीच्या दिवशी हायडेलबर्गहून तिची मैत्रीण सुधा आली. तिचे यजमान तिथे डॉक्टरेट करत होते. काळ्या चंद्रकळेतली स्नेहलता पाहून तिने तिची दृष्ट काढली, तिळगूळ खाल्ला, मनगट पुढे केलं आणि नाक मुरडलं.

"वास छान आहे गं, पण किती तो! डोकं धरलं माझं. आणि बाकीच्या सवाष्णी कुठायत?"

"तूच पाचांच्या जागी समज."

"बरी आहेस! आणि पाच जणींचा फराळ?"

दोघी पोट धरून हसल्या. गाडी चुकायला नको म्हणून सुधा उजेडातच निघाली, आणि तिच्यामागे घर फार रिकामं वाटायला लागलं. खाली राहणाऱ्या घरमालकीण, फ्रॉइलाइन केसलर, शेजारणींना सांगून पाहते म्हणाल्या होत्या. स्नेहलता तबक मांडीवर घेऊन बसली. बाहेर दिवस कलला. शेगडीतला कोळसा मधूनच तडकत होता.

तेवढ्यात दारावर टकटक झाली.

दारात करड्या कोटातली एक बाई उभी होती. पन्नाशीची असेल. चेहरा फिकट, नजर मात्र थेट खोलीत. स्नेहलताला कोण आनंद झाला! तिने "बिट्टे, बिट्टे", या ना, या, करत तिला आत घेतलं. बाईने कोट काढला आणि न विचारता दारामागच्या खुंटीला अडकवला. ती खुंटी दाराआड होती, नव्या माणसाला दिसायची नाही. पण हे स्नेहलताला त्या वेळी सुचलं नाही. तिचं लक्ष होतं बाईच्या हातावर. उजव्या हाताच्या एकाच बोटात लग्नाच्या दोन अंगठ्या, एकीला खेटून दुसरी. केवढी भाग्याची सवाष्ण, दुहेरी सौभाग्याची, असंच तिच्या मनात आलं.

तिने हळद लावली, कुंकू टेकवलं. कपाळ इतकं गार होतं की बोट मागे आलं. तांदूळ आणि नारळाऐवजी सफरचंद घालून तिने तिची ओटीही भरली.

"हे... कशासाठी?" बाईने विचारलं. आवाज अगदी खोल, खूप दिवस न बोललेल्या माणसासारखा.

"नवऱ्यासाठी. तो सुखरूप राहावा म्हणून."

"माझा... परत येईल?"

स्नेहलताचं जर्मन बाजारहाटापुरतं. कामावरून येण्याबद्दलच विचारते आहे असं तिला वाटलं.

"हो, हो! आज संध्याकाळी. नक्की येणार."

"घरी?"

"घरीच."

"घरी..." बाई पुटपुटली आणि तिने सावकाश सगळ्या खोलीवर नजर फिरवली. स्नेहलताने बाटलीला हात घालण्याआधीच तिने मनगट पुढे केलं होतं. थेंब लागला, तिने डोळे मिटून दीर्घ श्वास घेतला. "अजून आहे तर... मला वाटलं, संपलं."

स्नेहलता कॉफी आणायला वळली. कप घेऊन आली तेव्हा खुर्ची रिकामी होती, खुंटीवर कोटही नव्हता. लाजली असेल बिचारी, असं म्हणून ती आवराआवर करायला लागली, तोच फ्रॉइलाइन केसलर धापा टाकत वर आल्या. दारातच त्यांनी नाकावर हात ठेवला.

"पण... हा वास कुठून आणलात तुम्ही?"

"मानहाइमहून. तुम्ही पाठवलेल्या शेजारणीलाही आवडला."

"मी कोणाला पाठवलं नाही. मघापासून जिन्याशीच बसले आहे. तुमची मैत्रीण गेल्यावर कोणी वर आलं नाही."

"अहो, आली होती! करडा कोट. बोटात दोन अंगठ्या..."

फ्रॉइलाइन केसलर मटकन खुर्चीत बसल्या. एक अंगठी स्वतःची, एक नवऱ्याची, त्या कशाबशा म्हणाल्या. नवरा गेला की आमच्याकडच्या बायका अशा दोन्ही घालतात. या खोल्यांत तुमच्याआधी फ्राउ आडलर म्हणून एक बाई राहायच्या. नवरा रशियाच्या लढाईवरून परतला नाही. तो मेल्याचं सगळ्यांनी सांगितलं, जाताना त्याने घरी ठेवलेली अंगठीही त्यांनी घातली, पण वाट पाहणं सोडलं नाही. रोज संध्याकाळी हेच सेंट लावून खिडकीत बसायच्या, त्याला अंधारातसुद्धा घर सापडावं म्हणून. गेल्या शरदात त्या वारल्या. इथेच.

स्नेहलताने तबकाकडे पाहिलं. तिने आपल्या हाताने कुंकू लावलं होतं, ओटी भरली होती, वर नवरा घरी येईल असा शब्दही दिला होता. आणि या घरी येणारा नवरा एकच होता.

भोंगा झाला. तिने फ्रॉइलाइन केसलरना कसंबसं खाली पाठवलं, खिडकी सताड उघडली, बाटली मोरीत उपडी केली आणि मनगट साबणाने लाल होईपर्यंत घासलं. वास हटेना. उलट आतल्या खोलीकडून तो अधिक दाट यायला लागला. देवा, आज तो उशिरा येऊ दे, त्याला कोणी थांबवून घेऊ दे, असं म्हणत ती खिडकीशी धावली. श्रीपाद कोपऱ्यावर दिसला. रोज तो मान वर करून हॅट हलवायचा. आज नुसता चालत आला, झपझप, फार दिवसांनी घर दिसल्यासारखा.

जिन्यावर पावलं वाजली. तिने दार उघडलं आणि ते दोन्ही हातांनी अडवून उभी राहिली.

"अहो, आत येऊ नका. आपण सुधाकडे जाऊ... आत्ता, असेच..."

श्रीपादने तिच्या चंद्रकळेकडे, कपाळावरच्या कुंकवाकडे पाहिलं. मग हॅट काढली आणि परक्या बाईशी बोलावं तशा अदबीने जर्मनमध्ये विचारलं, "माफ करा, बाई. माझी बायको घरात आहे ना?"

तिच्या तोंडून शब्द फुटायच्या आत, पाठीमागे, कोणीही नसलेल्या आतल्या खोलीतून, मघाच्याच खोल आवाजात, पण लाडिक, स्वच्छ मराठीत उत्तर आलं.

"अहो, आले हं."