गादीच्या दुकानातला आवाज

फेब्रुवारीतल्या एका दुपारी रुपा आडे हिंगोलीच्या बसस्थानकावर उतरली, तेव्हा तिच्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती. तिला एक आवाज हवा होता आणि तो कुठंच सापडत नव्हता.

रुपा मूळची सेनगावजवळच्या एका बंजारा तांड्यावरची. आश्रमशाळेत शिकली, चित्रकलेच्या जोरावर पुण्याच्या कला महाविद्यालयात गेली, आणि आता एकतिसाव्या वर्षी व्हिडिओ गेम बनवणाऱ्या एका कंपनीत क्रिएटिव्ह डायरेक्टर होती. गेम दुसरे बनवत. पाहताक्षणी तो खेळावासा वाटेल असे ट्रेलर, पोस्टर, जाहिराती रुपाच्या डोक्यातून निघत. तिला खरं तर सिनेमा करायचा होता. एवढा एक ट्रेलर झाला की करू, असं म्हणता म्हणता आठ वर्षं गेली होती.

या वेळचा गेम मात्र तिच्या घरचाच होता. बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलुखभर फिरणाऱ्या जुन्या तांड्यांचा. तिच्या पणजोबांनी हेच काम केलं होतं. ट्रेलरसाठी तिनं मुंबईचे दोन नावाजलेले आवाज ऐकून पाहिले. दोघंही असे गरजत होते, की ही माणसं मीठ नव्हे, तोफा घेऊन निघालीत असं वाटावं.

सेनगावची गाडी लागली नव्हती. ती बाकावर टेकली, आणि डोक्यावरच्या स्पीकरमधून कुणीतरी बोलू लागलं.

"सेनगावच्या प्रवाशांनी लक्ष द्यावं. गाडीला अर्धा तास उशीर आहे. पण येणार आहे, बराबर येणार आहे. तोवर उन्हात उभं राहू नका, सावलीत बसा."

आवाज चढा नव्हता. तळाशी थोडी खरखर होती, आणि घाई अजिबात नव्हती. गंमत म्हणजे कुरकुरणारी माणसं खरोखरच पिशव्या उचलून सावलीत सरकली. रुपा मात्र उठली आणि सरळ नियंत्रण कक्षाच्या खिडकीशी गेली.

आत तिच्याच वयाचा, चष्मा लावलेला एक शिडशिडीत माणूस बसला होता. त्यानं मान वर न करताच सांगितलं, "गाडी येऊन राहिली, मॅडम."

"मला गाडी नको. तुमचा आवाज हवाय."

त्यानं आता मान वर केली. क्षणभर तिच्याकडे पाहिलं, आणि शांतपणे एक वही खिडकीतून पुढे सरकवली. "तक्रार यात लिहा."

रुपाला हसू आवरेना. मग तिनं त्याला सगळं सांगितलं. त्याचं नाव पुष्कर पाठक. जवळच्या नरसी गावच्या देवळात त्याचे वडील पूजा करत. त्याच्या लहानपणीच वडिलांची नजर अधू झाली, तेव्हापासून पोथी तोच वाचून दाखवायचा, तेवढाच काय तो बोलण्याचा सराव. तिचं सांगणं चालू असताना त्यानं मधे तीन गाड्या पुकारल्या. शेवटी तो म्हणाला, "तुमची गाडी गेली. दोनदा सांगितलं मी."

"ऐकलं की. छान सांगितलंत."

पुष्करनं चष्मा काढून पुसला. तो मुळीच मळलेला नव्हता.

आवाज रेकॉर्ड करायला हिंगोलीत स्टुडिओ कुठून आणायचा? जिथं आवाज घुमणार नाही अशी जागा हवी, एवढंच रुपानं सांगितलं होतं. त्याच्या सुट्टीच्या दिवशी पुष्कर तिला आपल्या मित्राच्या, उत्तमरावांच्या, गादीच्या दुकानात घेऊन गेला. मागच्या खोलीत छतापर्यंत गाद्यांच्या थप्प्या होत्या. दोन थप्प्यांच्या मधे दोघांपुरती फट होती. तिथं बसल्यावर रस्त्यावरची रिक्षासुद्धा ऐकू येईना... स्वतःचा श्वास तेवढा ऐकू येत होता, आणि समोरच्याचा.

रुपानं माईक धरला आणि वाक्य लिहिलेला कागद त्याला दिला. त्यानं तो मनातल्या मनात वाचला आणि खाली ठेवला.

"बैल थकलेत, तरी थांबू नका... असं काहून?"

"पुढचं पाणी लांब आहे म्हणून. ट्रेलरमधे जरा ताण लागतो."

"बैल थकले तर थांबाय पाहिजे, मॅडम. पाणी कुठं पळून जातं?"

मग तिनं कागदाची घडी घालून पर्समधे टाकली आणि त्याला म्हणाली, हेच म्हणा, जसं आत्ता म्हणालात तसं. पुष्कर बोलला. त्याच्या भुवईवर कापसाचा एक तंतू येऊन बसला होता, तो बोलताना हलत होता. तिनं हात पुढे केला, मधेच थांबली, आणि नुसतं बोटानं दाखवलं – इथं. त्यानं दुसऱ्याच बाजूची भुवई पुसली. तेव्हा मात्र तिला तो तंतू स्वतः काढावा लागला.

जाताना तिनं कंपनीच्या छापील कागदावर त्याची सही घेतली. आवाज फक्त या ट्रेलरसाठी वापरणार, असं तिनं त्याला सांगितलं. कागदाची मागची बाजू बारीक अक्षरांनी भरलेली होती. ती त्यानं वाचली नाही. तिनंही कधी वाचली नव्हती.

त्यानंतर रुपा महिन्यातून दोनदा गावी येऊ लागली. तिचे वडील किसनसिंग यांनी एकदा विचारलं, की इतकी वर्षं दिवाळीलाच येणाऱ्या लेकीला आता तांड्याची एवढी आठवण काहून यायली. तिनं हळद बघायला आले म्हणून सांगितलं. शिवारात हळद शिजवण्याचा हंगाम होताच, वाफेचा उग्र वास रस्त्यापर्यंत यायचा. त्या वासातून ती आणि पुष्कर कितीतरी चालले. ती त्याला सांगायची, दीड मिनिटाच्या ट्रेलरमधे पहिल्या चार सेकंदांत माणूस थांबला पाहिजे. तो सांगायचा, इथं माणूस दीड तास थांबतो आणि तरी त्याला गाडी मिळेलच असं नाही. तो तिला एकदा नरसीलाही घेऊन गेला. वडिलांशी ओळख करून देताना 'पुण्याच्या मॅडम, कामाच्या' एवढंच म्हणाला.

एप्रिलमधे ट्रेलर आला आणि लोकांना तो फार आवडला. थकल्या बैलांना थांबवणारा तो आवाज कुणाचा, असं अनोळखी माणसं विचारू लागली. कॉलेजची मुलं खिडकीशी येऊन पुष्करला ते वाक्य म्हणायला लावत. तो लाजत म्हणायचाही.

जूनच्या शेवटी, पुण्यात काम करत असताना, रुपाचा फोन वाजला.

"मी हे बोललो न्हाई," पुष्कर म्हणाला.

तिला कळेना. त्यानं एका प्रवाशानं दाखवलेला दुसरा ट्रेलर तिला पाठवला. परदेशातल्या खेळाडूंसाठी तो कंपनीच्या वेगळ्याच लोकांनी केला होता. पडद्यावर तलवारी चालत होत्या, खाली इंग्रजी अक्षरं पळत होती, आणि पुष्करचा आवाज, तीच खरखर, तीच संथ लय, मराठीतच सांगत होता: जो थांबला तो मेला, मारा आणि पुढे चला.

"हा माझा आवाज आहे. पण मी हे बोललो न्हाई. असं मी बोलूच शकत न्हाई." थोडं थांबून तो म्हणाला, "तुम्ही लिहिलं?"

ती नाही म्हणाली. पण तिच्या उत्तराआधी एक क्षण गेला होता, आणि त्या क्षणात त्यानं फोन ठेवला होता. नंतर त्यानं उचललाच नाही.

रुपानं त्या संध्याकाळी पहिल्यांदा कागदाची मागची बाजू वाचली. सगळं होतं तिथं. आवाजाचा नमुना यंत्राला देऊन, त्याच आवाजात हवं ते बोलून घेण्याचा हक्क कंपनीला होता. दुसऱ्या दिवशी ती मालकांसमोर उभी राहिली. मालक सज्जनपणे म्हणाले, की सही आहे, मग अडचण काय? रुपा म्हणाली, अडचण अशी की मी त्या माणसाला वेगळं सांगितलं होतं. तो आवाज तिथून काढून टाकला नाही तर मी नोकरी सोडेन, आणि का सोडली हे विचारणाऱ्या प्रत्येकाला सांगेन.

आठवडाभर कुणी तिच्याशी धड बोललं नाही. मग तो ट्रेलर उतरवला गेला. यंत्रातला नमुना पुसल्याचं आणि पहिल्या ट्रेलरपलीकडे तो आवाज कुठंही न वापरण्याचं पत्र कंपनीनं तिच्या हातात ठेवलं. पत्र मिळालं त्याच दिवशी तिनं राजीनामाही दिला. राग होता म्हणून नाही. त्या आठ दिवसांत तिला कळलं होतं, की सिनेमा सोडून तिला इथं थांबवून ठेवणारं तिच्याशिवाय दुसरं कुणी नव्हतंच.

जुलैत ती पत्र घेऊन हिंगोलीला आली, तर स्पीकरवर कुणी दुसरंच बोलत होतं. पुष्कर मागच्या टेबलाशी गाड्यांच्या नोंदी लिहीत होता. त्यानं पत्र दोनदा वाचलं.

"तो कागद मी वाचायला हवा होता. वाचला नाही. चूक माझी आहे," रुपा म्हणाली. एवढंच पाठ करून आली होती ती.

"तुमच्यावर राग न्हाई," तो म्हणाला. "पण माईक पुढ्यात आला की वाटतं... हे मी बोलून राहिलो, की ते यंत्र?"

त्यानं चहा मागवला. दोघांनी तो प्यायला, आणि ती तांड्यावर निघून गेली.

रुपानं मग खरंच सिनेमा सुरू केला. वीस मिनिटांचा, आपल्या वडिलांवर. किसनसिंग कॅमेऱ्यापुढे अजिबात बुजले नाहीत. आजोबांचे बैल, त्यांची नावं, मुक्कामाच्या जागा ते सांगत गेले. ऑगस्टमधे एका रविवारी सकाळी पुष्कर न सांगता तांड्यावर आला. अंगणात उभा राहून त्यानं विचारलं, "सामान उचलाय माणूस लागतो का?"

त्यानंतरच्या प्रत्येक सुट्टीला तो आला. छत्री धरायचा, तारा गुंडाळायचा, किसनसिंगांना बोलतं करायचा. रुपानं त्याला माईकसमोर बसवायचा विषय एकदाही काढला नाही. एकदा त्यानं सहज सांगितलं, की मागच्या आठवड्यात परत गाड्या पुकाराय लागलो. ती फक्त 'बरं' म्हणाली आणि तिनं पाठ वळवली, कारण तिचे डोळे भरले होते.

सप्टेंबरात ते सिद्धेश्वरला गेले. धरण होण्याआधी जिथं तांडे बैलांना पूर्णा नदीवर पाणी पाजत, तिथं आता नजर पोचेल तिथवर पाणी होतं. किसनसिंगांनी हातानं ती जागा दाखवली, एवढाच शॉट होता. तो झाला आणि ते मासे धरणाऱ्यांशी गप्पा मारायला काठाकडे गेले. बारीक भुरभुर सुरू झाली. रुपानं कॅमेऱ्यावर ताडपत्री ओढली. तिच्याखाली दोघं बसले, खांद्याला खांदा न लागेल अशा बेतानं.

"ते यंत्र बंद आहे?" पुष्करनं विचारलं.

तिनं कॅमेऱ्याचं बटण दाबलं. लाल दिवा विझला. "आता आहे."

तो पाण्याकडे बघत होता. "त्या दिवशी मला आवाजाचं एवढं वाईट वाटलं न्हाई. ते वाक्य तुम्ही लिहिलं असेल असं क्षणभर वाटलं, त्याचं वाटलं. तुम्ही असं लिहिणार न्हाई, हे मला माहीत असाय पाहिजे होतं." त्यानं चष्म्यावरचे थेंब पुसले. "मला तुम्ही आवडता. गादीच्या दुकानापासून... न्हाई, त्याच्या आधीपासून. माझ्याशी लग्न कराल का?"

हजार माणसांना सावलीत बसवणारा आवाज पार कापत होता.

"तुम्ही मला जन्मभर अहो-जाहो करणार असाल तर नाही," रुपा म्हणाली.

तो हसला. तोंडातल्या तोंडात त्यानं एकदा करून पाहिलं, आणि मग म्हणाला, "रुपा... करशील?"

"करीन."

आता खांद्याला खांदा लागला आणि तसाच राहिला. तिनं विचारलं, की नरसीला काय सांगणार? तांड्यावरची सून म्हटल्यावर बाबा काय म्हणतील?

"पहिल्यांदा काहीच म्हणणार न्हाईत. चार दिवस गप्प बसतील, मी ओळखतो त्यांना. मग बोलावतील तुला."

"आणि नाही बोलावलं तर?"

पुष्करनं तिचा भिजलेला हात आपल्या हातात घेतला. "तर पाचव्या दिवशी आपण दोघं जाऊ."

काठावरून किसनसिंगांनी हाक मारली, पाऊस वाढून राहिला, तुमचं काय चाललंय तिथं. रुपा ताडपत्रीतून बाहेर आली. हात न सोडवता.