उजव्या बुटातल्या चिंध्या

“बाई, लवकर या. एक मेलाय आणि दुसऱ्याला मारतायत!”

फोन करणारा एवढंच ओरडला आणि मागे लोखंड आपटल्याचा आवाज आला. इन्स्पेक्टर बाई तेव्हा बूट चढवत होत्या. खात्याकडे बायकांच्या मापाचे बूट नव्हते. मागून मागून त्यांची जीभ झिजली, तेव्हा दोन्ही बुटांच्या टोकांत चिंध्या कोंबून त्या पुरुषी बुटांतच नोकरी रेटू लागल्या होत्या. आज चिंध्या नीट दाबायलाही सवड नव्हती. हवालदाराने गाडी हाणली.

लोखंड ओतण्याच्या कारखान्याचं फाटक लंगडत लंगडत उघडलं गेलं. फाटकवाल्याचा डावा पाय घोट्यापासून बोटांपर्यंत असा गुंडाळला होता, की पाय कुठे संपला आणि कापूस कुठे सुरू झाला ते कळत नव्हतं. भोवतालचं सगळं अंगण कोळशाच्या धुळीने काळंकुट्ट आणि त्यात त्याची पट्टी पांढरीशुभ्र, नुकतीच घडी मोडल्यासारखी.

“सरळ आत जा. भट्टीच्या पलीकडे स्टोअर आहे,” तो म्हणाला. “मला येता येणार नाही. आतली जमीन तापलेली असते. बुटाशिवाय पाऊल टाकलं तर कातडी तिथेच राहते.”

बाई आत धावल्या. भट्टीच्या तांबड्या उजेडात दोन माणसं लोखंडी गज घेऊन जमिनीवरच्या तिसऱ्याला झोडपत होती. तिसरा डोंगराएवढा होता. उठला असता तर दोघांना दोन काखांत दाबून घेऊन गेला असता. पण तो उठत नव्हता, हातसुद्धा वर करत नव्हता. गज बरगड्यांवर पडत होते आणि तो मार खात होता.

बाईंनी काठी उगारून दाखवली वगैरे नाही. सरळ मनगटावर हाणली. गज खणखणत खाली पडला. दुसऱ्याच्या मानेवर हवालदाराने हात टाकला.

“आमच्या भावाला मारलाय यानं!” पहिला मनगट धरून किंचाळला. “घणाने डोकं फोडलंय!”

ते मात्र खरं होतं. स्टोअरच्या दारात स्टोअरवाला पालथा पडला होता. शेजारी घण होता. डोक्याची मागची बाजू उरलीच नव्हती. घाव एक नव्हता. मारणारा, माणूस मेल्यावरही थांबला नव्हता. भोवती पन्नास जणांचे बूट विखुरले होते आणि रक्त त्यांच्या तळांखालून वाट काढत गेलं होतं.

त्या रक्तातून पावलं मागच्या दाराकडे गेली होती. पावलं कसली, होड्याच.

“बाई, एवढा पाय इथे एकाचाच,” हवालदार म्हणाला. “या डोंगऱ्याचा. तपास संपला म्हणायचा.”

“तुझा लवकर संपतो,” बाई म्हणाल्या आणि ठशांजवळ उकिडव्या बसल्या.

डाव्या पावलाचे ठसे टाचेपासून टोकापर्यंत भरीव आणि स्वच्छ होते. नव्या तळाची नक्षी जशीच्या तशी उमटली होती. उजवे ठसे फरफटलेले होते. टाच घासत गेलेली आणि टोकाकडे रक्त जेमतेम लागलेलं. दारापाशी तीन-चार ठसे कुणीतरी घासून पुसले होते. दाराची कडी आतल्या बाजूला होती, म्हणजे इथून बाहेर जाता येत होतं, पण आत यायचं तर भट्टीसमोरच्या तापल्या जमिनीवरूनच.

डोंगऱ्याला कारखान्याच्याच दवाखान्यात नेलं. कंपाउंडर अजून कुलपाशी झटापट करत होता.

“तुमच्यासाठी लवकर उघडतोय हो,” तो कुरकुरला. “आजचा पहिला पेशंट, आणि तोही असा रक्ताने माखलेला!”

डोंगऱ्या खाटेवर मावेना. पाय बाहेर लोंबत राहिले. त्याच्या जुन्या बुटांना दोन्ही बाजूंनी चाकूने चिरा दिल्या होत्या आणि चिरांतून करंगळ्या बाहेर आल्या होत्या. तळ तारेने बांधले होते. तळाची नक्षी कधीच झिजून गुळगुळीत झाली होती.

“स्टोअरमध्ये कशाला गेलास?” बाईंनी विचारलं.

“बूट मागायला. हे बघताय ना?”

“तो कधी मेला होता?”

“मी गेलो तेव्हा पडलेलाच होता.”

“मग ओरडला का नाहीस?”

डोंगऱ्याने तोंड भिंतीकडे फिरवलं.

“ओरडेल कसा?” मयताचा भाऊ दारातून गरजला. “आम्ही गेलो तेव्हा हा पायानं रक्ताचे ठसे पुसत होता! आमच्या भावानं याच्यासाठी मोठ्या मापाचे नवेकोरे बूट आणून दिले, आणि हा सगळ्यांसमोर त्याला शिव्या घालत होता. भलाईचे दिवसच नाहीत.”

“खरं का रे? ठसे पुसत होतास?”

“हो.”

“कुणाचे?”

तोंडातून रक्त येत होतं, ते त्याने बाहीने पुसलं.

“नवे बूट कुठेत?”

“हरवले.”

“बोटीएवढे बूट हरवतात होय? चष्मा आहे का तो?” हवालदाराला राहवलं नाही.

बाईंनी त्याच्याकडे रोखून पाहिलं तसा तो बूट शोधायला निघून गेला. डोंगऱ्या खोटं बोलत होता आणि त्याला ते येत नव्हतं. बाईंना त्याचा राग आला. फासावर जायची वेळ आलेला माणूस असा तोंडाला कुलूप लावून बसतो, तेव्हा तो स्वतःला वाचवत नसतो.

तेवढ्यात त्याची बायको आली. त्याच्या कोपरापर्यंत पोचेल एवढीशी. पण तिने मयताच्या भावाला असा काही धक्का दिला की तो भिंतीवर आदळला.

“तुला कुणी कळवलं?” बाईंनी विचारलं.

“दादानं. माझा भाऊ फाटकावर असतो ना, त्यानं निरोप धाडला.” मग तिची नजर नवऱ्याच्या तोंडावर गेली. “अगं आई गं! काय केलंत हे यांचं? बाई, हा माणूस घरात झुरळ मारत नाही. झुरळ निघालं की मला हाक मारतो!”

“पावलं याच्या नव्या बुटांची आहेत.”

“नव्या बुटांची? ते यांच्या पायात शिरतच नाहीत! मी साबण लावून पाहिलं. दोघांनी मिळून ओढलं. लांबीला बक्कळ, रुंदीला लहान पोराचे. हे परत द्यायला गेले, तर तो मेला काय म्हणाला विचारा. म्हणाला, बूट बसत नसतील तर घरी जाऊन बोटं छाटून ये!”

“तसं म्हणाला होता तो,” कंपाउंडर हळूच म्हणाला. “हसत हसत म्हणाला. सगळे हसले.”

हवालदार दोन बूट उलटे धरून आत आला. मागच्या दाराबाहेर साच्यांच्या वाळूचा ढीग होता, त्यात पुरलेले सापडले. तळाला रक्त आणि वाळू.

“घालून बघा यांना,” बायको म्हणाली. “आत्ताच्या आत्ता बघा.”

बघितलं. डोंगऱ्याचं पाऊल चवड्यापर्यंत गेलं आणि अडलं. कंपाउंडरने जोर लावला, हवालदाराने लावला, डोंगऱ्या कळवळला. बूट काही पुढे सरकेना.

“म्हणजे कुणीतरी याला अडकवलं!” हवालदार बाईंच्या कानाशी लागला. “हे दोघे भाऊच असतील, बाई. चोराच्या उलट्या बोंबा. मोठे बूट घालायचे, खून करायचा आणि याच्यावर ढकलायचा.”

बाईंनी उजव्या बुटात हात घातला. टोकातून चिंध्यांचा गोळा निघाला. मग डाव्या बुटात हात घातला. तिथे काही नव्हतं. आतल्या अस्तराला पिवळट डाग होता आणि त्यात एक पांढरा, विरविरीत धागा चिकटला होता. बाईंनी तो डाग नाकाशी नेला आणि बूट कंपाउंडरपुढे धरला.

“कसला वास?”

“भाजल्यावर लावायचं मलम.” तो म्हणाला आणि पुढचं त्याने गिळलं.

बाई बायकोकडे वळल्या. “हे बूट तुमच्या घरातून कुणाकडे गेले?”

बायकोने तोंड उघडलं आणि ते तसंच राहिलं. तिने नवऱ्याकडे पाहिलं. डोंगऱ्याने डोळे मिटून घेतले. दवाखान्यात भट्टीच्या पंख्याची घरघर ऐकू येत होती. तेवढ्यात तिचा चेहरा एवढा पडला, की बाईंना विचारल्याचं वाईट वाटलं. पण विचारणं भाग होतं.

“चला,” त्या म्हणाल्या. “फाटकावर.”

डोंगऱ्याला हवालदाराने आणि कंपाउंडरने धरून आणलं. मयताचे भाऊ मागे आले. बाईंनी ते दोन्ही बूट आणून फाटकवाल्यापुढे टाकले. फाटकवाला स्टुलावर बसला होता, भाजका पाय खोक्यावर ठेवून.

“सगळे याच्या पायाचं माप विचारत होते,” बाई डोंगऱ्याकडे बोट दाखवत म्हणाल्या. “मीसुद्धा. हवालदारसाहेब म्हणतात, कुणीतरी याला अडकवायला हे बूट घातले. तसं असतं तर त्याने दोन्ही बुटांत चिंध्या कोंबल्या असत्या. मी रोज कोंबते, मला विचारा. एकाच बुटात कोंबून माणूस चालेल कसा? इथे उजव्यात चिंध्या होत्या आणि तरी उजवा बूट पायात खुळखुळत होता. टाच घासत गेलीय, टोकावर वजनच नाही. डावा मात्र गच्च बसला होता. म्हणजे डावा पाय खरोखर एवढा मोठा होता. एकच पाय.”

नजरा खोक्यावरच्या पायाकडे गेल्या.

“मी इथून हललो नाही,” फाटकवाला म्हणाला. “बुटाशिवाय मला तापल्या जमिनीवर जाता येत नाही, तुम्हाला सांगितलं की.”

“बुटाशिवाय येत नाही. बरोबर. आणि एवढ्या पट्टीवर जाईल असा बूट या कारखान्यात एकच होता. तो बहिणीने तुला आणून दिला. बिचारीला वाटलं, निदान भावाला तरी चालता येईल.”

“बाई, मी—”

“तुझी पट्टी कुणी बदलली?”

“कंपाउंडरनं.”

“त्याने दवाखाना आमच्यासमोर उघडला. या काळ्या धुळीत सकाळपासून उभ्या असलेल्या माणसाची पट्टी एवढी पांढरी कशी? बूट वाळूत पुरून तू अंगणातून नुसत्या पट्टीवर लंगडत आलास. ती काळी झाली, वर रक्त उडालेलं. ती काढलीस. कुठे ठेवलीस?”

हवालदाराने एव्हाना फाटकाजवळच्या खोलीतली त्याची डब्याची पिशवी पालथी केली होती. डब्याखालून काळ्या-तांबड्या पट्ट्यांचा बोळा जमिनीवर पडला.

मयताचा भाऊ झेपावला. बाईंनी त्याला छातीवर हात देऊन थोपवलं. “तुझंही बाकी आहे माझ्याकडे. मागे हो.” मग फाटकवाल्याला म्हणाल्या, “का?”

त्याने समोरच्या बुटाकडे बोट दाखवलं.

“तो बूट उचला,” तो म्हणाला. “तळाची शिलाई बघा.”

बाईंनी काठावरच्या जाड दोऱ्यात नख घातलं आणि ओढलं. दोरा अख्खा निघून आला. त्याने काही शिवलेलंच नव्हतं, काठावर नुसता दाबून बसवला होता. तळ गोंदाने चिकटवलेला. त्यांनी जरा जोर केला, तसा तळ टोकाकडून उघडला.

“माझाही असाच होता,” फाटकवाला म्हणाला. “तापल्या जमिनीवर गोंद पातळ झाला, तळ सुटला आणि मी अडखळलो. हातातल्या भांड्यातला लोखंडाचा रस बुटात. स्टोअरवाल्यानं चौकशीत सांगितलं, मी बूट न घालताच कामाला आलो होतो. तो फाटका बूट त्याच्याकडेच होता, बाई. तेवढाच माझा पुरावा. परवा डॉक्टर म्हणाले, पाय घोट्यापासून काढावा लागेल. म्हणून आज सकाळी गेलो. हात जोडले. म्हटलं, बूट परत दे. त्यानं फळीवरून काढला, मला दाखवला आणि भट्टीत टाकला. म्हणाला, आता माग भरपाई. आणि हसत वळला. घण तिथंच होता.”

“एक घाव पुरला असता,” बाई म्हणाल्या.

“मोजले नाहीत मी.”

बाईंना त्याची कीव आली आणि त्या कीवेचाच संताप आला. ज्याचं डोकं फुटलं तो भला माणूस नव्हता. पण बरगड्या ज्याच्या मोडल्या, त्याने कुणाचं काय बिघडवलं होतं?

“पावलं बघितली आणि मी ओळखलं,” डोंगऱ्या पहिल्यांदाच आपणहून बोलला. “हिचा एकच भाऊ आहे, बाई. म्हणून पुसत होतो.”

त्याची बायको भावासमोर जाऊन उभी राहिली. ती रडत नव्हती.

“दादा, हे दोघे गज घेऊन आत गेले, ते या फाटकावरूनच ना?”

त्याने खाली बघत मान हलवली.

“माझ्या नवऱ्याचं ओरडणं इथपर्यंत येत होतं?”

“हे ओरडलेच नाहीत,” तो म्हणाला. “गजांचा आवाज येत होता.”

“आणि तू बसून राहिलास.”

“फोन मीच केला ना गं, पोलिसांना. पाय आगीसारखा पेटला होता. पाऊल टाकवत नव्हतं.”

हवालदाराने बेड्या काढल्या आणि पायाकडे बघून घुटमळला. डोंगऱ्याने बरगड्या धरून श्वास घेतला. “त्याला उचलून न्या हो,” तो म्हणाला. “दुखतो पाय त्याचा. खरंच दुखतो.”

हवालदार वाकला. पण बहीण मध्ये आली.

“उचलू नका,” ती म्हणाली. “त्याला चालता येतं.”

ती नवऱ्याच्या काखेखाली शिरली आणि त्याचं वजन खांद्यावर घेऊन दवाखान्याकडे वळली. फाटकवाला उठला, त्याने डावा पाय जमिनीवर टेकला आणि हवालदाराच्या पुढे गाडीपर्यंत चालत गेला.