किटवाले सर आणि लाल ठिपके

छत्री विसरले म्हणून मी परत फिरले, नाहीतर मला काही कळलंच नसतं. शाळा सुटून पाऊण तास झाला होता, बाहेर भुरभुर चालू होती, आणि प्रयोगशाळेत किटवाले सर पोरांनी दिवसभर खपून बनवलेल्या डोअरबेलचं झाकण उघडून बसले होते. मला बघून ते हसले. छान हसले — म्हणून तर मला जास्त संशय आला.

"काय चाललंय, सर?"

"काही नाही, बाई. जरा बघत होतो."

"बघायला चोरून यावं लागतं?"

"तुमची छत्री खिडकीत आहे... मघापासून वाट बघतेय."

एका कंपनीने शाळेला मोटरी, दिवे, वायरींची किट दिली होती आणि शिकवायला महिन्याभरासाठी हा माणूस. पोरं हातांनी यंत्रं शिकतील, उद्याच्या नोकऱ्यांसाठी तयार होतील, असं पत्रकात छापलं होतं. छापील गोष्टींवर माझा विश्वास नाही. मोठ्या बाई मला म्हणाल्या होत्या, "महिन्याने तुझा अहवाल दे. तू हो म्हणालीस तर किट आणि सर दोन्ही राहतील, नाही म्हणालीस तर दोन्ही जातील." शाळेतली सगळ्यात संशयी बाई त्यांनी बरोबर शोधली होती.

आता आठवलं, रोज एक तरी वस्तू संध्याकाळी चालायची आणि सकाळी बंद पडायची. कंपनीला सुटे भाग विकायचे असणार, दुसरं काय. दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी प्रत्येक स्क्रूवर नेलपॉलिशचा लाल ठिपका दिला. सकाळी दोन ठिपके फिस्कटलेले होते.

"अंगठ्याला काय लागलंय, सर?"

त्यांनी माझ्या बोटांकडे पाहिलं. "तुमच्या नखांवर आहे तेच. रंग छान आहे. फक्त वाळायला वेळ घेतो."

मी लाजले, आणि लाजले म्हणून चिडले. "पोरांचं काम का बिघडवता?"

त्यांनी अंगठा रुमालाला पुसला. "पुस्तिकेत बघून लाल वायर लाल खुणेला लावली की दिवा लागतो. मीही असाच शिकलो, सगळी प्रमाणपत्रं घेतली. पहिल्या नोकरीत मशीन बंद पडलं आणि मी पुस्तिका धरून उभा राहिलो. बिघाड शोधायला मला कुणी शिकवलंच नव्हतं, बाई."

"मग पोरांना सांगून बिघडवा ना."

"सांगितलं की ती माझ्या तोंडाकडे बघतात. वायरकडे नाही."

पटण्यासारखं होतं, म्हणून मी लगेच जाऊन स्टोअरची वही तपासली. महिन्यात एकही सुटा भाग मागवलेला नव्हता.

अहवाल लिहून झाला, पण सही होईना. आता संशय माझाच मला येत होता. तास अकराचा, आणि मी साडेनऊलाच प्रयोगशाळेत... दर दोन दिवसांनी नेलपॉलिश बदलत होते. हा माणूस राहावा असं मला पोरांसाठी वाटतंय की स्वतःसाठी?

शेवटी मीच एक बिघाड केला, सरांना न सांगता. आमच्या वर्गात एक चष्मेवाली आहे, दिवा लागला नाही की रडायची. तिच्या पंख्याची आतली वायर मी ओढून ठेवली. सकाळी तिने बटण दाबलं, पंखा हलला नाही. ती रडली नाही. पुस्तिका न उघडता तिने मीटर घेतला आणि एकेक जोड तपासत गेली. चार मिनिटांत म्हणाली, "इथे सुटलंय, बाई. पण हे सरांचं काम नाही. सर असं ओढून तोडत नाहीत."

मी त्याच तासाला सही केली आणि अहवाल मोठ्या बाईंकडे दिला.

संध्याकाळी सर सामान आवरत होते. महिना संपला होता, आणि अहवालात काय आहे ते त्यांना माहीत नव्हतं.

"जाताना पोरांची बेल वाजवतो," ते म्हणाले. बेल वाजली नाही. त्यांनी ती उचलली, बाकावर ठेवली आणि एकेक वायर तपासू लागले. मी समोर बसून राहिले.

"वीस मिनिटं झाली, सर. चष्मेवालीला चार लागतात."

"हा बिघाड कठीण आहे."

मग मला राहवेना. मी मूठ उघडली. आतले दोन सेल घामाने ओले झाले होते.

"अहवालात हो लिहिलंय. ते पोरांसाठी," मी म्हणाले. "आणि हे सेल... हे माझ्यासाठी. बेल वाजल्याशिवाय तुम्ही निघणार नाही, म्हणून काढून ठेवले. मला तुम्ही आवडता, सर. महिनाभर संशय घेऊन बघितला, दुसरं काही सापडलं नाही."

त्यांनी माझ्या हातातून एकेक सेल उचलला, सावकाश, आणि बसवला. बेल वाजली.

"उचलली तेव्हाच कळलं होतं," ते म्हणाले. "हलकी लागली."

"मग वीस मिनिटं काय शोधत होतात?"

"शोधत नव्हतो, बाई. तुम्ही मूठ कधी उघडताय, त्याची वाट बघत होतो."